नियंत्रण सिद्धांत आणि त्याचे हवाई व अवकाश अभियांत्रिकीतील उपयोग

नियंत्रण सिद्धांत ही गणित व अभियांत्रिकी यांची सामाईक शाखा आहे. एखाद्या गतिमान यंत्रणेचे प्रत्यक्ष वर्तन मोजणे, ते अपेक्षित वर्तनाशी ताडून पाहणे आणि दोहोंतील तफावतीनुसार यंत्रणेला दुरुस्तीच्या आज्ञा देत राहणे, या प्रक्रियेचा अभ्यास या शाखेत केला जातो. विमाने, अग्निबाण, कृत्रिम उपग्रह व अवकाशयाने यांच्या उड्डाणात या सिद्धांताला मध्यवर्ती स्थान आहे. हवेत किंवा अवकाशात असलेले यान थांबवून दुरुस्त करता येत नाही. जी चूक सुधारायची ती उड्डाण चालू असतानाच, पुष्कळदा सेकंदाच्या अल्पांशात सुधारावी लागते. स्वभावतः अस्थिर असलेले यानही योग्य नियंत्रणाने स्थिर ठेवता येते, ही या सिद्धांताची मोठी देणगी होय. मात्र हे स्थैर्य मोजमापाच्या अचूकतेवर आणि दुरुस्तीसाठी उपलब्ध असलेल्या वेळेवर अवलंबून असते. या दोहोंपैकी एक जरी ढळले, तरी नियंत्रक स्वतःच अपघाताचे कारण ठरू शकतो.

मूलभूत संकल्पना

खुले आणि बंदिस्त नियंत्रण

नियंत्रणाचे दोन प्रमुख प्रकार आहेत. खुल्या नियंत्रणात आज्ञा आधीच ठरलेल्या असतात व त्यांच्या परिणामाची चौकशी केली जात नाही. ठरावीक मिनिटांनंतर बंद होणारे कपडे धुण्याचे यंत्र हे याचे परिचित उदाहरण होय. कपडे स्वच्छ झाले की नाही, हे ते यंत्र पाहत नाही. बंदिस्त नियंत्रणात परिणाम मोजला जातो आणि ती माहिती नियंत्रकाकडे परत पाठवली जाते. या परत येणाऱ्या माहितीला प्रत्याभरण, म्हणजेच फीडबॅक, असे म्हणतात. तळहातावर उभी काठी तोलणारा माणूस काठीचे टोक कोणत्या बाजूस झुकते आहे हे पाहतो आणि त्याच बाजूस हात सरकवतो. त्याने डोळे मिटले की प्रत्याभरण तुटते व काठी पडते.

बंदिस्त नियंत्रण-वर्तुळाचे चार घटक असतात : नियंत्रित करावयाची यंत्रणा, तिची स्थिती मोजणारे संवेदक, तफावतीवरून आज्ञा ठरवणारा नियंत्रक आणि आज्ञेची अंमलबजावणी करणारी साधने. विमानात जायरोस्कोप, वेगमापक व उंचीमापक हे संवेदक असतात. उड्डाण-संगणक हा नियंत्रक असतो. आणि शेपटीवरील व पंखांवरील हलते पृष्ठभाग व ते हलवणारे द्रवचालित दट्टे ही अंमलबजावणीची साधने असतात.

स्थैर्य

किंचित ढळलेली यंत्रणा आपोआप मूळ स्थितीकडे परतत असेल तर तिला स्थिर म्हणतात. वाटीच्या तळाशी ठेवलेली गोटी स्थिर असते. पालथ्या वाटीवर ठेवलेली गोटी अस्थिर असते. अस्थिर यंत्रणेतील चूक वेळेबरोबर दुपटीने वाढत जाते. उदाहरणार्थ, एखाद्या विमानाचे नाक अपेक्षित कोनापासून ०.१ अंशाने ढळले असून ही चूक दर पाव सेकंदाला दुप्पट होत असेल, तर एका सेकंदानंतर ती १.६ अंश आणि दोन सेकंदांनंतर २५.६ अंश होते. माणसाला केवळ प्रतिक्रिया देण्यासही साधारण पाव सेकंद लागत असल्याने असे विमान हाताने उडवणे जवळपास अशक्य असते.

विलंबाचा परिणाम

नियंत्रण चांगले होण्यासाठी दुरुस्ती जोरकस असली की पुरे, असा समज होऊ शकतो; तो बरोबर नाही. माहिती मिळण्यास विलंब होत असेल तर जोरकस दुरुस्तीच घातक ठरते. हे एका सोप्या आकडेमोडीने दाखवता येते. समजा, यानाची चूक १० एकक आहे आणि नियंत्रक दर टप्प्याला दिसलेल्या चुकीइतकीच पूर्ण दुरुस्ती करतो. माहिती ताजी असेल तर पुढच्याच टप्प्यात चूक शून्य होते. आता समजा, नियंत्रकाला नेहमी एक टप्पा जुनी माहिती मिळते. पहिल्या टप्प्यात चूक १० वरून शून्यावर येते. पण नियंत्रकाला अजूनही जुने १० दिसत असल्याने तो पुन्हा दुरुस्ती करतो आणि चूक उलट दिशेने −१० होते. त्यानंतर ती −१०, ०, १०, १०, ०, −१० अशी अखंड हेलकावत राहते. याच नियंत्रकाने दिसलेल्या चुकीच्या केवळ एक चतुर्थांश दुरुस्ती केली, तर जुन्या माहितीवरही चूक ७.५, ५, ३.१२५, १.८७५ अशी शांतपणे कमी होत जाते.

गरम व थंड पाण्याचे नळ एकत्र करून स्नान करणाऱ्याला हाच अनुभव येतो. नळ फिरवल्यानंतर पाणी पाइपातून येईपर्यंत वेळ लागतो. तेवढ्यात उतावीळपणे नळ आणखी फिरवला, तर पाणी आलटून पालटून फार गरम व फार थंड येऊ लागते. विमाने व अवकाशयाने यांच्या नियंत्रकांची रचना करताना दुरुस्तीची तीव्रता आणि विलंब यांत पुरेशी राखीव मर्यादा ठेवण्यावर म्हणूनच विशेष भर दिला जातो.

इतिहास

गणिती पाया

स्कॉटिश अभियंते जेम्स वॉट यांनी १७८८ मध्ये वाफेच्या इंजिनाला केंद्रोत्सारी नियामक जोडला. इंजिनाचा वेग वाढला की फिरणारे गोळे बाहेर फेकले जात आणि वाफेची झडप आपोआप आकुंचन पावे. असे नियामक काही वेळा वेग स्थिर करण्याऐवजी त्यात हेलकावे निर्माण करीत. या प्रश्नाचे गणिती विश्लेषण जेम्स क्लार्क मॅक्सवेल यांनी १८६८ मध्ये आपल्या नियामकांवरील निबंधात केले. पुढे एडवर्ड राऊथ यांनी १८७७ मध्ये व अडॉल्फ हुर्विट्झ यांनी १८९५ मध्ये स्थैर्याचे बीजगणितीय निकष दिले. रशियन गणितज्ञ अलेक्सांद्र ल्यापुनोव्ह यांनी १८९२ मध्ये मांडलेला स्थैर्याचा व्यापक सिद्धांत अरैखिक यंत्रणांनाही लागू पडतो व तो आजही वापरात आहे.

आरंभीची विमाने

राइट बंधूंच्या समकालीनांपैकी अनेकांनी आपोआप स्थिर राहणारे विमान बनवण्याचा ध्यास घेतला होता. ऑर्व्हिल व विल्बर राइट यांनी वेगळा मार्ग निवडला. सायकलींचा व्यवसाय असल्याने, उभी न राहू शकणारी सायकल चालवणाऱ्याच्या कौशल्याने तोल राखते, हे त्यांना चांगले ठाऊक होते. १७ डिसेंबर १९०३ रोजी उडालेले त्यांचे विमान नाक वर-खाली होण्याच्या दिशेत अस्थिर होते. वैमानिक पुढे बसवलेला पृष्ठभाग सतत हलवून ते सावरीत असे. म्हणजेच नियंत्रण-वर्तुळातील नियंत्रक हा माणूसच होता. पहिले उड्डाण १२ सेकंदांचे झाले. त्या दिवशीचे चौथे व अखेरचे उड्डाण ५९ सेकंद चालले आणि विमान हेलकावे खात जमिनीवर आदळल्याने संपले.

ब्रिटिश गणितज्ञ जॉर्ज ब्रायन यांनी १९११ मध्ये विमानाच्या स्थैर्याची समीकरणे मांडली. विमानाच्या गतीचे विश्लेषण आजही मुख्यत्वे त्याच चौकटीत केले जाते. १८ जून १९१४ रोजी पॅरिसजवळ सीन नदीवर लॉरेन्स स्पेरी या अमेरिकी तरुणाने जायरोस्कोपवर चालणाऱ्या स्थिरकाचे प्रात्यक्षिक दिले. उडत्या विमानात त्याने दोन्ही हात वर केले आणि त्याचा सहकारी एमिल काशँ पंखावर चालत गेला. तरीही विमान समतल राहिले. आजच्या स्वयंचलित वैमानिकाचा, अर्थात ऑटोपायलटचा, हा आरंभ मानला जातो.

दूरध्वनीपासून अग्निबाणापर्यंत

या सिद्धांताला पुढची मोठी चालना दूरध्वनी क्षेत्रातून मिळाली. बेल प्रयोगशाळेतील हॅरॉल्ड ब्लॅक यांनी १९२७ मध्ये ऋण प्रत्याभरण वापरणारा विवर्धक शोधला. त्याचे स्थैर्य तपासण्याची रीत त्याच संस्थेतील हॅरी नायक्विस्ट यांनी १९३२ मध्ये दिली व हेंड्रिक बोडे यांनी ती विकसित केली. दुसऱ्या महायुद्धात जर्मनीने बनवलेल्या व्ही-२ अग्निबाणात जायरोस्कोपच्या संकेतांनुसार इंजिनाच्या झोतातील ग्रॅफाइटची पाती हलवून दिशा राखली जात असे. १९४८ मध्ये विमान उद्योगात काम करणारे वॉल्टर इव्हान्स यांनी रूट लोकस ही आलेखपद्धती मांडली. दुरुस्तीची तीव्रता बदलत गेल्यास यंत्रणेचे वर्तन कसे बदलते, हे तीमुळे कागदावर रेखाटून पाहता येऊ लागले.

अवकाशयुग

१९५० च्या दशकात सोव्हिएत संघात लेव पोंत्रियागिन यांनी आणि अमेरिकेत रिचर्ड बेलमन यांनी इष्टतम नियंत्रणाचा पाया घातला. कमीत कमी इंधनात किंवा कमीत कमी वेळात इष्ट ठिकाणी कसे पोहोचावे, या प्रश्नाला त्यामुळे शास्त्रशुद्ध उत्तर मिळाले. १९६० मध्ये रुडॉल्फ कालमन यांनी अचूक नसलेल्या मोजमापांवरून यंत्रणेच्या खऱ्या स्थितीचा उत्तम अंदाज बांधण्याची रीत प्रसिद्ध केली. चंद्रप्रवासाच्या मार्गनिर्देशनासाठी तिची उपयुक्तता नासाच्या एम्स केंद्रातील स्टॅनली श्मिट यांनी ओळखली. २० जुलै १९६९ रोजी चंद्रावर उतरलेल्या अपोलो-११ च्या चांद्रयानाचे नियंत्रण अवघ्या २,०४८ शब्दांची बदलती स्मृती असलेल्या संगणकाने केले.

प्रमुख पद्धती

पीआयडी नियंत्रक : ही सर्वाधिक प्रचलित पद्धत होय. तिच्यात दुरुस्तीचे तीन भाग असतात. पहिला भाग आताच्या चुकीच्या प्रमाणात असतो; दुसरा भाग आजवर साचलेल्या चुकीच्या बेरजेवर अवलंबून असतो; तिसरा भाग चूक किती वेगाने बदलत आहे, यावर ठरतो. वर्तमान, भूत आणि नजीकचा भविष्यकाळ यांची दखल अशा रीतीने एकाच आज्ञेत घेतली जाते. आडव्या वाऱ्यामुळे विमान सतत एका बाजूस ढकलले जात असेल, तर केवळ पहिल्या भागाने थोडी चूक शिल्लक राहते. दुसरा भाग ती नाहीशी करतो. तिसरा भाग हेलकावे शमवतो. या पद्धतीचे सैद्धांतिक विवेचन निकोलस मिनोर्स्की यांनी १९२२ मध्ये जहाजांच्या सुकाणूसंदर्भात केले होते.

अवस्था-पद्धती : यात यानाचे स्थान, वेग, कोन व कोनीय वेग यांसारख्या सर्व राशींचा एकत्रित विचार केला जातो. एका दिशेतील दुरुस्तीचा दुसऱ्या दिशेवर परिणाम होत असेल तेव्हा ही पद्धत विशेष उपयोगी पडते.

कालमन फिल्टर : प्रत्येक संवेदकात काही ना काही दोष असतो. जायरोस्कोपचे वाचन क्षणोक्षणी गुळगुळीत असले तरी काळाबरोबर हळूहळू सरकत जाते. उपग्रहाधारित स्थाननिश्चिती सरकत नाही, परंतु तिच्यात तात्पुरते चढउतार असतात. कालमन फिल्टर यानाच्या गतिनियमांवरून आधी एक अंदाज बांधतो व मग प्रत्येक संवेदकाच्या विश्वासार्हतेनुसार त्याच्या वाचनाला कमी-अधिक वजन देऊन तो अंदाज सुधारतो.

अनुकूली व खंबीर नियंत्रण : उंची व वेग बदलला की विमानाचे वर्तनही बदलते. अनुकूली नियंत्रक उड्डाणादरम्यान आपली मूल्ये स्वतः बदलतो. खंबीर नियंत्रक मात्र ठरलेल्या मर्यादेतील सर्व बदलांत स्थैर्य टिकेल, अशा बेताने आधीच आखलेला असतो.

विमानांतील उपयोग

हेलकावे शमन

मागे झुकलेल्या पंखांच्या जेट विमानांत नाक डावी-उजवीकडे डोलणे व त्याच वेळी पंख वर-खाली होणे, असा जोडहेलकावा उद्भवतो. त्याला डच रोल म्हणतात. हा हेलकावा मोजून उभ्या सुकाणूने आपोआप शमवणारी यंत्रणा बी-४७ या अमेरिकी बॉम्बफेकी विमानात वापरण्यात आली. आज जवळपास सर्व मोठ्या प्रवासी जेट विमानांत ती असते. प्रवाशांना मात्र तिचे अस्तित्व जाणवतही नाही.

फ्लाय-बाय-वायर

जुन्या विमानांत वैमानिकाचा दांडा तारा, कप्प्या व द्रवचालित यंत्रणा यांद्वारे पृष्ठभागांशी जोडलेला असे. फ्लाय-बाय-वायर पद्धतीत दांड्याची हालचाल विद्युत संकेतरूपाने संगणकाकडे जाते आणि पृष्ठभाग किती हलवायचा हे संगणक ठरवतो. यांत्रिक पर्याय न ठेवता अंकीय संगणकावर विसंबलेले पहिले विमान नासाचे एफ-८ हे होते. २५ मे १९७२ रोजी त्याने पहिले उड्डाण केले, तेव्हा त्यात अपोलो मोहिमेतील संगणक बसवलेला होता. प्रवासी विमानांत अंकीय पद्धत प्रथम एअरबस ए-३२० मध्ये आली. या विमानाचे पहिले उड्डाण २२ फेब्रुवारी १९८७ रोजी झाले.

संगणक निकामी झाल्यास विमान वाचणार नाही, हे लक्षात घेऊन अशा विमानांत एकाऐवजी अनेक संगणक व संवेदक बसवले जातात. त्यांच्या उत्तरांची सतत तुलना होते आणि बहुमताशी न जुळणारे उत्तर बाजूला सारले जाते.

हेतुपुरस्सर अस्थैर्य

स्थिर विमान सुरक्षित असते, परंतु ते दिशाबदलास विरोधही करते. शिवाय तोल राखण्यासाठी त्याच्या शेपटीला बहुधा खालच्या दिशेने बल लावावे लागते व तेवढी उचल वाया जाते. नियंत्रक भरवशाचा असेल तर विमान मुद्दाम अस्थिर बनवून अधिक चपळ व हलके करता येते. १९७४ मध्ये प्रथम उडालेल्या एफ-१६ लढाऊ विमानात या तत्त्वाचा अवलंब झाला. १४ डिसेंबर १९८४ रोजी उडालेले एक्स-२९ हे प्रायोगिक विमान पुढे झुकलेल्या पंखांचे व अतिशय अस्थिर होते. त्याचे संगणक सेकंदाला ४० वेळांपर्यंत दुरुस्ती करीत. राइट बंधूंनी माणसावर सोपवलेले काम आठ दशकांनंतर यंत्राकडे आले, असे म्हणता येते.

अग्निबाण व प्रक्षेपक

अग्निबाण हा तळाशी रेटा असलेला उंच, सडपातळ नळा असतो. वातावरणात त्याच्या पुढच्या भागावरील हवेचा दाब त्याला उलथवू पाहतो. त्यामुळे त्याचे नियंत्रण तळहातावरील काठी तोलण्यासारखेच असते. त्यासाठी इंजिनाचा झोत किंचित वळवला जातो. सॅटर्न-५ च्या पहिल्या टप्प्यातील पाचपैकी बाहेरची चार इंजिने याकरिता वळू शकत असत. भारताच्या पीएसएलव्हीच्या पहिल्या टप्प्यात झोतामध्ये एका बाजूने द्रव सोडून त्याची दिशा बदलली जाते.

या कामात तीन अडचणी प्रामुख्याने येतात. इंधन जळत जाते तसे यानाचे वस्तुमान व गुरुत्वमध्य बदलत जातात. टाक्यांतील द्रव हिंदकळतो व यानाला धक्के देतो. तो शांत करण्यासाठी टाक्यांत आडव्या पट्ट्या बसवतात. तिसरी अडचण म्हणजे लांब अग्निबाण उड्डाणात किंचित वाकतो. वाकलेल्या जागी बसवलेल्या जायरोस्कोपला संपूर्ण यानच वळले, असे वाटते. नियंत्रकाने त्यावर विश्वास ठेवून दुरुस्ती केली तर वाकणे अधिकच वाढू शकते. म्हणून संवेदकांची जागा विचारपूर्वक निवडतात आणि वाकण्याच्या कंपनसंख्येचे संकेत गाळून टाकतात.

प्रक्षेपकाचा वापरलेला टप्पा परत उतरवणे हे आणखी अवघड काम आहे. फाल्कन-९ चा पहिला टप्पा डिसेंबर २०१५ मध्ये प्रथमच जमिनीवर सुखरूप उतरला. उतरताना जवळपास रिकाम्या झालेल्या या टप्प्याचे वजन एका इंजिनाच्या किमान रेट्याहूनही कमी असते. त्यामुळे तो हवेत तरंगत थांबू शकत नाही. वेग शून्य होण्याचा क्षण आणि जमिनीला टेकण्याचा क्षण एकच असावा लागतो.

अवकाशयाने

अवकाशात हवा नसल्याने पंख किंवा सुकाणू यांचा उपयोग होत नाही. यान कोणत्या दिशेस तोंड करून आहे, याला त्याची दिशास्थिती म्हणतात. ती बदलण्यासाठी छोटे अग्निबाण, प्रतिक्रिया चक्रे व चुंबकीय वेटोळी वापरतात. प्रतिक्रिया चक्र एका दिशेने वेगाने फिरवले की कोनीय संवेगाच्या अक्षय्यतेनुसार यान उलट दिशेने वळते. यासाठी इंधन लागत नाही, सौरऊर्जा पुरते. हबल दुर्बीण अशाच चक्रांच्या साहाय्याने आपला रोख ०.००७ विकलांइतक्या सूक्ष्मतेने राखते.

सर्वांत साधा मार्ग म्हणजे यानाला भोवऱ्याप्रमाणे स्वतःभोवती फिरते ठेवणे. पण त्यातही एक मर्म आहे, हे ३१ जानेवारी १९५८ रोजी सोडलेल्या एक्सप्लोरर-१ या पहिल्या अमेरिकी उपग्रहाने दाखवून दिले. पेन्सिलीसारख्या आकाराचा हा उपग्रह आपल्या लांबीच्या अक्षाभोवती फिरत सोडला होता. त्याच्या लवचीक अँटेना हलत राहिल्याने ऊर्जा खर्च होत गेली व अल्पावधीतच तो आडवा होऊन गरगरू लागला. संपूर्ण कडक वस्तूचे समीकरण लवचीक वस्तूला जसेच्या तसे लावता येत नाही, हा धडा त्यातून मिळाला.

मे २०१३ मध्ये केपलर दुर्बिणीच्या चार चक्रांपैकी दुसरे चक्र निकामी झाले. तीन अक्षांत रोख राखण्यास किमान तीन चक्रे लागत असल्याने मोहीम संपल्यातच जमा होती. अभियंत्यांनी सूर्यप्रकाशाचा अत्यल्प दाब दोन्ही बाजूंवर समतोल पडेल असे यान वळवून त्या दाबाकडूनच तिसऱ्या चक्राचे काम करून घेतले. २०१४ पासून के-२ या नावाने ही दुर्बीण पुन्हा निरीक्षणे करू लागली.

परग्रहांवर व चंद्रावर अवतरण

पृथ्वीवरून मंगळापर्यंत संदेश पोहोचण्यास ग्रहांच्या अंतरानुसार सुमारे ३ ते २२ मिनिटे लागतात. एवढ्या विलंबात पृथ्वीवरून नियंत्रण करणे अशक्य असल्याने तेथे उतरणाऱ्या यानाला सर्व निर्णय स्वतःच घ्यावे लागतात.

मंगळावरील इंजेन्युइटी हेलिकॉप्टरच्या २२ मे २०२१ रोजी झालेल्या सहाव्या उड्डाणात विलंबाचा प्रश्न वेगळ्या रूपाने पुढे आला. आपला वेग व स्थान ठरवण्यासाठी हे हेलिकॉप्टर जमिनीची छायाचित्रे वापरीत असे. उड्डाणास सुमारे ५४ सेकंद झाली असता एक छायाचित्र गहाळ झाले आणि नंतरच्या प्रत्येक छायाचित्रावर चुकीची वेळ नोंदली गेली. क्षणापूर्वीचे दृश्य आताचे समजून नियंत्रक दुरुस्ती करू लागला व हेलिकॉप्टर २० अंशांहून अधिक झुकत हेलकावे खाऊ लागले. स्थैर्याची राखीव मर्यादा पुरेशी ठेवलेली असल्याने ते नियोजित जागेपासून सुमारे पाच मीटरच्या आत सुखरूप उतरले.

अपघात व त्यांतून मिळालेले धडे

एक्स-१५ (१९६७) : १५ नोव्हेंबर १९६७ रोजी मायकेल ॲडम्स यांचे एक्स-१५ विमान सुमारे ८१ किलोमीटर उंचीवरून परतताना गिरकीत सापडले. त्यांनी गिरकी सावरली. परंतु अनुकूली नियंत्रक दुरुस्तीची तीव्रता कमी न करता हेलकाव्यांत अडकला. विमान हवेतच तुटले व ॲडम्स मृत्युमुखी पडले.

ग्रिपेन (१९८९ व १९९३) : स्वीडनच्या या लढाऊ विमानाचे दोन आरंभीचे अपघात वैमानिक आणि संगणक यांच्या परस्परविरोधी दुरुस्त्यांमुळे झाले. पृष्ठभाग आपल्या कमाल वेगाने हलत असताना आणखी आज्ञा दिल्या, तर त्यांची अंमलबजावणी उशिरा होते आणि वैमानिकाची दुरुस्ती हेलकाव्यांना खतपाणी घालते. दोन्ही अपघातांत वैमानिक बचावला.

एरियान-५ (१९९६) : ४ जून १९९६ रोजी या युरोपीय प्रक्षेपकाच्या पहिल्या उड्डाणात ६४ बिटांची एक संख्या १६ बिटांच्या जागेत बसवताना दिशा मोजणारा संगणक बंद पडला. राखीव संगणकात तेच सॉफ्टवेअर असल्याने तोही त्याच कारणाने बंद पडला होता. बिघाडाची सांकेतिक माहिती मुख्य संगणकाने खरे मोजमाप समजून इंजिनांची तोंडे पूर्ण वळवली व प्रक्षेपक नष्ट झाला. हे सॉफ्टवेअर एरियान-४ साठी लिहिलेले होते व तेथे ते बिनचूक चालत होते. एकाच चुकीच्या दोन प्रती ठेवणे म्हणजे राखीव व्यवस्था नव्हे, हे यातून स्पष्ट झाले.

बोइंग ७३७ मॅक्स (२०१८ व २०१९) : २९ ऑक्टोबर २०१८ रोजी इंडोनेशियात व १० मार्च २०१९ रोजी इथिओपियात या प्रकारची दोन विमाने कोसळून एकूण ३४६ जणांचा मृत्यू झाला. विमानाचे नाक फार वर जात असल्यास ते आपोआप खाली आणणारी एमकॅस ही यंत्रणा पंखाचा समोरून येणाऱ्या हवेशी होणारा कोन एकाच संवेदकावरून घेत होती. संवेदकाने चुकीचे वाचन दिल्यावर यंत्रणा पुनःपुन्हा नाक खाली दाबत राहिली. जगभरात ही विमाने जमिनीवर उतरवण्यात आली. सुधारित रचनेत दोन्ही संवेदकांची तुलना करण्याची तरतूद केली गेली व यंत्रणेच्या अधिकारावर मर्यादा घालण्यात आली.

या घटनांत दुरुस्तीचे गणित बहुधा ठरल्याप्रमाणेच चालले होते. चूक होती ती गणिताला मिळालेल्या माहितीत, आज्ञेच्या अंमलबजावणीला लागलेल्या वेळेत किंवा यंत्रावर टाकलेल्या विश्वासाच्या प्रमाणात.

भारतातील कार्य

१० ऑगस्ट १९७९ रोजी एसएलव्ही-३ चे पहिले उड्डाण अयशस्वी झाले. दुसऱ्या टप्प्याच्या नियंत्रण यंत्रणेतील झडपेतून रसायनाची गळती झाल्याने नियंत्रण सुटले व प्रक्षेपक बंगालच्या उपसागरात कोसळला. १८ जुलै १९८० रोजी याच प्रक्षेपकाने रोहिणी उपग्रह कक्षेत सोडला. पीएसएलव्हीचे २० सप्टेंबर १९९३ रोजीचे पहिले उड्डाणही दिशास्थितीच्या नियंत्रणातील बिघाडाने फसले. स्वयंचलित वैमानिकाच्या सॉफ्टवेअरमधील चूक त्यास कारणीभूत होती. १५ ऑक्टोबर १९९४ रोजी दुसरे उड्डाण यशस्वी झाले व पुढे हा भारताचा सर्वाधिक वापरातील प्रक्षेपक ठरला.

तेजस हे भारतीय बनावटीचे लढाऊ विमान हेतुपुरस्सर अस्थिर ठेवलेले असून त्यात चौपदरी अंकीय फ्लाय-बाय-वायर यंत्रणा आहे. तिच्या विकासात एका अमेरिकी कंपनीचे सहकार्य होते. १९९८ च्या पोखरण अणुचाचण्यांनंतर लादलेल्या निर्बंधांमुळे ते थांबले. बंगळूरच्या राष्ट्रीय वैमानिकी प्रयोगशाळेतील गटासह भारतीय अभियंत्यांनी नियंत्रणनियम स्वतः पूर्ण केले. ४ जानेवारी २००१ रोजी विंग कमांडर राजीव कोठियाल यांनी या विमानाचे पहिले उड्डाण यशस्वीरीत्या केले.

७ सप्टेंबर २०१९ रोजी चांद्रयान-२ चा विक्रम अवतरक चंद्रपृष्ठावर आदळला. इंजिनांचा रेटा अपेक्षेपेक्षा अधिक राहिल्याने चुका साचत गेल्या आणि त्या भरून काढण्यासाठी यान पुरेशा वेगाने वळू शकले नाही, असे इस्रोने नंतर स्पष्ट केले. उतरण्यासाठी ५०० मीटर लांब-रुंद एवढीच जागा निश्चित केलेली होती. चांद्रयान-३ ची आखणी करताना काय बिघडू शकते, याचा आधी विचार करण्यात आला. अवतरणाचे क्षेत्र सुमारे ४ किलोमीटर लांब व २.४ किलोमीटर रुंद केले गेले, वेग मोजणारा लेसर संवेदक जोडला गेला, मधले पाचवे इंजिन काढून टाकण्यात आले आणि पाय अधिक भक्कम केले गेले. २३ ऑगस्ट २०२३ रोजी सायंकाळी ६ वाजून ४ मिनिटांनी हे यान चंद्राच्या दक्षिण ध्रुवाजवळील प्रदेशात अलगद उतरले.

महाराष्ट्रात मुंबईच्या भारतीय तंत्रज्ञान संस्थेत हवाई व अवकाश अभियांत्रिकी तसेच प्रणाली व नियंत्रण अभियांत्रिकी या विषयांचे अध्यापन व संशोधन चालते. या संस्थेच्या विद्यार्थ्यांनी बनवलेला प्रथम हा उपग्रह २६ सप्टेंबर २०१६ रोजी पीएसएलव्हीद्वारे सोडण्यात आला. पृथ्वीच्या चुंबकीय क्षेत्राचा आधार घेणाऱ्या वेटोळ्यांनी त्याची दिशास्थिती राखण्याची योजना होती. नाशिकजवळील ओझर येथे हिंदुस्थान एरोनॉटिक्सच्या कारखान्यात जुळणी झालेली सुखोई-३० एमकेआय विमाने फ्लाय-बाय-वायर पद्धतीची असून त्यांच्या इंजिनांचे झोत वळवता येतात.

मर्यादा व सद्यकालीन संशोधन

स्थैर्याची गणिती सिद्धता ही नेहमी यंत्रणेच्या प्रतिकृतीविषयी असते, प्रत्यक्ष यंत्राविषयी नसते. प्रतिकृतीत न धरलेला लवचीकपणा, विलंब किंवा बिघाड उड्डाणात प्रकट होऊ शकतो. म्हणून संगणकावरील अनुकरण, प्रत्यक्ष उपकरणे जोडून केलेल्या चाचण्या आणि टप्प्याटप्प्याने वाढवत नेलेली चाचणी-उड्डाणे यांना पर्याय नाही.

स्वतः अनुभवातून शिकणाऱ्या संगणकीय पद्धतींचा नियंत्रणात वापर, अनेक ड्रोनचे सामूहिक उड्डाण आणि उड्डाणादरम्यानच इष्टतम मार्ग काढणारी जलद गणनतंत्रे, यांवर सध्या संशोधन चालू आहे. शिकणाऱ्या नियंत्रकाचे वर्तन आधीच सिद्ध करून दाखवणे कठीण असल्याने प्रवासी विमानांसाठी त्यास मान्यता कोणत्या निकषांवर द्यावी, हा महत्त्वाचा प्रश्न आहे. त्याचप्रमाणे यंत्र व वैमानिक यांच्यातील अधिकारवाटप हाही केवळ तांत्रिक प्रश्न नाही. यंत्र काय करीत आहे हे वैमानिकाला समजले पाहिजे आणि ते चुकत असेल तर त्याला ते थांबवता आले पाहिजे, हे तत्त्व ७३७ मॅक्सच्या अपघातांनंतर पुन्हा ठळकपणे पुढे आले आहे.